तिचे ओठ मिटले नव्हते

आमच्या घरात रोज संध्याकाळी एक प्रश्न येतो. सून ऑफिसातून येते, दारात बूट काढते, ते वळवून नीट ओळीत लावते आणि आत न बघताच विचारते, "आई, दमलात का हो?" मी स्वयंपाकघरातून म्हणते, "छे गं! कशानं दमायचं?" तोवर नातीला शाळेतून आणलेलं असतं, बाल्कनीतले कपडे काढून घड्या झालेल्या असतात, कणीक भिजलेली असते आणि माझे पाय असे सुजलेले असतात की सपाता चढत नाहीत. पण तोंडातून 'छे गं'च येतं. माझ्या आईच्या तोंडून तेच यायचं, सासूबाईंच्याही. सुनेची काही चूक नाही बरं का. ती मनापासून विचारते, आणि तिला 'छे गं' ऐकायची सवय झालीय.

हे आधीच सांगून ठेवते, कारण मला ज्या बाईंबद्दल सांगायचंय, त्यांचं सगळं आयुष्य या एका शब्दाशी येऊन अडलं होतं.

जपानमध्ये, इथं निशी-कसाईला येऊन मला आता बरीच वर्षं झाली. मुलगा पुण्याहून इथं कॉम्प्युटरच्या कामाला आला आणि इथलाच झाला. आमचे हे गेल्यावर मी नाशिकचं घर बंद केलं आणि नातीला सांभाळायला आले. मी तिला गोष्ट सांगते मराठीत, ती हसते जपानीत. चालायचंच.

इथं कचऱ्याचं मोठं सोवळं असतं. जळणारा वेगळा, न जळणारा वेगळा, बाटल्या वेगळ्या, आणि प्रत्येकाचा वार ठरलेला. एकदा सून लोणच्याच्या रिकाम्या बरणीकडे बोट दाखवून म्हणाली, "आई, किती बरण्या साठवणार? हे घर आहे का म्युझियम?" म्हणून मी बाटल्यांच्या वारी ती चांगली जाड काचेची बरणी धुऊन, पुसून खाली नेऊन ठेवली. नेली खरी, पण झाकण तसंच राहिलं. झाकण वेगळ्या डब्यात टाकायचं असतं, हे मला ठाऊक होतं. पण बरणी झाकणाशिवाय ठेवायला माझा हात धजेना.

मी वळले तर एक उंच, गोऱ्या, डोक्याला रुमाल बांधलेल्या म्हाताऱ्या बाई काठी टेकत आल्या. त्यांनी माझी बरणी क्रेटमधून उचलली, उजेडात धरली, झाकण फिरवून बघितलं आणि घोगऱ्या आवाजात स्वतःशीच पुटपुटल्या, "अशी धड बरणी कोण टाकतं? काय माणसं आहेत, देवा!"

हे त्या रशियन भाषेत म्हणाल्या. आणि मी, काही विचार न करता, त्याच भाषेत म्हणाले, "मी टाकली. सुनेनं टाकायला लावली. माझ्या मनात नव्हतं."

बाई अशा वळल्या की काठी पडली. मला आपादमस्तक न्याहाळलं. माझी सुती साडी, त्यावर सुनेचं जुनं जाकीट, पायात मोजे.

"तुम्ही कोण?"

"तिसऱ्या मजल्यावरची म्हातारी."

"आणि ही भाषा कुठून चोरलीत?"

आता हे मलाही सांगायला हवं. आमचे हे नाशिकजवळच्या विमानांच्या कारखान्यात होते. त्या काळी तिथं रशियन इंजिनियर सहकुटुंब यायचे, आमच्याच कॉलनीत राहायचे. त्यांतली व्होल्गाकाठची एक बाई माझी मैत्रीण झाली. तिला वांगी निवडता येत नव्हती आणि मला तिची भाषा येत नव्हती. बाजारात मी तिच्या हातातलं किडकं वांगं काढून चांगलं ठेवायची आणि ती त्याचं नाव सांगायची. मी पुस्तकातून नाही शिकले, तिच्या तोंडाकडे बघून शिकले. ती बोलायला लागली की मी डोळ्यांकडे न बघता ओठांकडे बघायची, आणि घरी येऊन पोळ्या लाटताना तसे ओठ करून बघायची. त्यामुळे माझी रशियन स्वयंपाकघरातली आहे. राजकारणावर मला चार शब्द बोलता येणार नाहीत, पण कोबी किती उकडायचा, पोराचा ताप कसा उतरवायचा आणि नवऱ्यावर चिडल्यावर काय म्हणायचं, ते सगळं येतं.

हे ऐकून बाई हसायला लागल्या आणि हसता हसता खोकायला. "तुम्ही माझ्या मेलेल्या मावशीसारखं बोलता," म्हणाल्या. "तसं आता तिकडेही कुणी बोलत नसेल."

बरणी त्या घेऊन गेल्या. पुढच्या आठवड्यात ती परत आली, आत शेपू घातलेल्या खारवलेल्या काकड्या. मी लिंबाचं लोणचं भरून पाठवली. मग ती बरणी खाली-वर फिरतच राहिली आणि बरणीमागे मीही. नात शाळेत गेली की दुपारी मी त्यांच्याकडे जायची. दुसऱ्या मजल्यावर, अगदी आमच्या खालीच. बाईंचे जपानी यजमान दुभाषी होते, त्यांना जाऊन बराच काळ लोटला होता. मूल नव्हतं.

कपाटाच्या काचेत त्यांनी एक फोटोचं कार्ड खोचून ठेवलं होतं. तरुण मुलगी, डोक्यावर रेल्वेची टोपी, कपाळावर बट. मी ते कित्येक दिवस बघत होते आणि एक दिवस चहाचा कप हातात तसाच राहिला.

"अहो, ही तर आमच्या क्लबमधली तारवाली!"

आमच्या कॉलनीच्या क्लबच्या पटांगणात रविवारी पडदा लावायचे. रशियन मंडळींसाठी त्यांच्याकडचे सिनेमे यायचे, आम्हीही सतरंज्या घेऊन जायचो. सिनेमाला ना हिंदी आवाज, ना खाली अक्षरं. मग आमच्या बायका मला मध्ये बसवायच्या आणि मी मोठ्यानं मराठीत सांगत राहायची, ही काय म्हणतेय, तो काय म्हणतोय. त्यातल्याच एका सिनेमात एका आडबाजूच्या स्टेशनवर तारा पाठवणारी मुलगी होती. बर्फात उभी राहून गाड्या सोडायची. ती मला लक्षात राहिली होती.

"तुम्हीच त्या?"

"चेहरा माझा," बाई म्हणाल्या. "आवाज दुसरीचा."

मग हळूहळू, बऱ्याच दुपारी मिळून, सगळं कळलं. बाई अगदी उत्तरेकडच्या एका गावातल्या. वडील युद्धात गेले ते परत आले नाहीत, मेल्याचा कागदही आला नाही. आई मासे खारवायच्या कामाला. एकदा सिनेमावाले त्या बाजूला चित्रीकरणाला आले, त्यांनी या पोरीला धक्क्यावर पाहिलं आणि मॉस्कोला शिकायला नेलं. चेहरा असा की कॅमेरा हटेना. पण तोंड उघडलं की पंचाईत. एक तर आवाज घोगरा, आणि त्यात गावाकडचे गोल-गोल उच्चार. मॉस्कोत 'ओ' अक्षराचा बऱ्याचदा 'अ' करतात. यांच्या गावात 'ओ' म्हणजे ठसठशीत 'ओ', तोंडात गरम बटाटा असल्यासारखा. तिकडे तेव्हा सिनेमाचा आवाज नंतर, बंद खोलीत पडद्याकडे बघत भरायचे. त्या खोलीत यांच्याऐवजी दुसऱ्या बाईला उभं करायचे. पहिल्या सिनेमाला तसं केलं, लोकांना आवडलं, आणि मग तोच रिवाज झाला. यांनी नर्स केली, ट्रॅक्टर चालवणारी केली, शिक्षिका केली. सगळ्यांच्या तोंडी तो दुसरीचा मधाळ आवाज.

"अर्ध्या देशाची लाडकी होते मी," बाई सांगायच्या. "वर्तमानपत्रांच्या टपरीवर माझी कार्डं विकायचे. आणि घरी फोन उचलला की लोक म्हणायचे, आजी, जरा तिला बोलवा."

आम्ही दोघी यावर खूप हसलो. पण पुढचं हसण्यासारखं नव्हतं. त्यांना गावोगावच्या कारखान्यांत पाठवायचे, कामगारांना भेटायला. हॉल भरून लोक. कुणीतरी म्हणायचं, ते स्टेशनवरचं वाक्य म्हणून दाखवा. बाई तोंड उघडायच्या आणि हॉलमध्ये चुळबुळ सुरू व्हायची. एकदा पुढच्या रांगेतली बाई शेजारणीला सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाली, "ही ती नव्हेच." तेव्हापासून बाई त्या दुसरीची नक्कल करायला शिकल्या. आरशासमोर बसून, स्वतःच्याच सिनेमातल्या स्वतःची नक्कल.

"आणि ती दुसरी? ती कशी होती?"

"एकदाच भेटली, जिन्यात. ठेंगणी, हातात बटाट्यांची पिशवी. मला म्हणाली, तुम्ही रडता छान, माझं काम सोपं होतं. मी उत्तर दिलं नाही. काय बोलणार? माझा आवाज तर तिच्याकडे होता."

पुढे जपानी लोकांबरोबर एक सिनेमा झाला, त्यात दुभाषी म्हणून बाईंचे यजमान. लग्न करून बाई इकडे आल्या. इथं त्यांना कुणी ओळखत नव्हतं, तो एक आराम होता म्हणे. काही वर्षं एका व्यापारी कचेरीतल्या लोकांना रशियन शिकवली, काही वर्षं डबे भरायच्या कारखान्यात भाताचे गोळे वळले. "तिथं कुणी आवाजाला नावं ठेवली नाहीत. मास्क लावून बोलायचंच नसतं."

हे सगळं बाई अशा सांगायच्या की जणू दुसऱ्याच कुणाचं सांगतायत. थकलेल्या माणसाला राग धरून ठेवायचीही ताकद नसते. मी पण फार 'अरेरे' करत नसे. खाली पाच वाजताची लाउडस्पीकरवरची धून वाजली की उठायची, नातीला आणायला जायची.

मग पानगळीच्या दिवसांत दोन गोष्टी मागोमाग आल्या. बाईंच्या घशात गाठ निघाली. डॉक्टरांनी सांगितलं, काढावी लागेल, आणि काढल्यावर आवाज राहीलच असं नाही. आणि त्याच सुमारास आमच्या भागातल्या समाजभवनात जुने सिनेमे दाखवणारी जी निवृत्त आजोबा मंडळी आहेत, त्यांना कुठून तरी कळलं की या बाई इथं राहतात. त्यांच्याकडे त्या तारवालीच्या सिनेमाची डिस्क होती, खाली जपानी अक्षरं असलेली. त्यांचे प्रमुख आजोबा मिठाईचा खोका घेऊन आले, वाकून म्हणाले, सिनेमा लावतो, तुम्ही फक्त येऊन नमस्कार करा.

बाईंनी खोका बाजूला ठेवला. "आवाज बंद करून लावणार असाल तर येते. माझं सगळं मी बोलेन. नाहीतर नाही."

मी तिथंच होते. आजोबांनी दातांतून हवा आत ओढली, इथले लोक अडचण आली की ओढतात तशी. मान एका बाजूला, मग दुसऱ्या बाजूला. मला वाटलं, संपलं. पण ते जरा वेळानं म्हणाले, माझ्या आजोबांच्या काळी मूक सिनेमा असताना पडद्याशेजारी उभं राहून बोलणारा माणूस असायचा. तसं समजू. आणि तारीखही बाईंच्या ऑपरेशनच्या आधीची ठरवली.

ते गेल्यावर बाई मला म्हणाल्या, "एकदा. एकदा तरी त्या मुलीच्या तोंडून माझा आवाज येऊ दे. मग काढा म्हणावं गाठ, काय काढायचं ते काढा."

अडचण एकच होती. बाईंना लांबचं नीट दिसत नव्हतं. पडद्यावर ओठ कधी हलतात ते त्यांना कळेना. म्हणून माझी नेमणूक झाली. मी शेजारी बसून त्यांचं मनगट धरायचं. मुलीचं तोंड उघडलं की दाबायचं, मिटलं की सोडायचं. घरी सांगितलं तर मुलगा म्हणाला, "वा! आई फिल्म लाइनमध्ये! सायनिंग अमाउंट किती?"

"खारवलेल्या काकड्या," मी म्हटलं.

"आई, पण तुमची दुपारची झोप?" सून म्हणाली. "दमाल हो."

"छे गं!"

रोज दुपारी त्यांच्या छोट्या टीव्हीवर आवाज बंद करून आमची तालीम चालायची. पहिल्या दिवशी आमचा पार गोंधळ. मी उशिरा दाबायची, बाई आधीच बोलून मोकळ्या. तारवाली तोंड मिटून उभी आणि बाईंचं वाक्य अजून चाललेलं. मग जमत गेलं. वाक्यं बाईंना सगळी पाठ. फक्त एका ठिकाणी त्या अडायच्या. शेवटाकडे स्टेशनवरचा प्रसंग आहे. तिचा माणूस लांब कुठं बांधकामावर चाललाय, चालत्या गाडीतून वाकून विचारतो, "थांबशील माझ्यासाठी?" ती म्हणते, "थांबेन." त्यांच्या भाषेत, 'पोदोझ्दू'. एवढंच. पण तिथं मनगट दाबलं की बाई गप्प. म्हणायच्या, चल पुढे, ते येतं मला.

दोन-तीनदा असं झाल्यावर मी म्हटलं, "बाई, रागावू नका. इथं पडद्यावरची मुलगी 'थांबेन' म्हणतच नाहीये."

त्या पडद्याजवळ वाकल्या.

"त्या शब्दात सुरुवातीलाच 'प' आहे. 'प' म्हणताना ओठ मिटतात. तुम्हीच म्हणून बघा. तिचे मिटलेच नाहीत. हे मी तेव्हाच पाहिलं होतं, आमच्या पटांगणात."

आणि खरंच पाहिलं होतं. मी बायकांना ओरडून सांगितलं, "ती म्हणतेय, मी थांबेन." आणि शेजारच्या वहिनी, त्यांना रशियनचं एक अक्षर येत नव्हतं, त्या म्हणाल्या होत्या, "काय थांबतेय! तोंड बघा तिचं. कंबर धरली असेल बाईची." सगळ्या हसल्या होत्या. मला मात्र ते ओठ खटकले होते. पण मी कोण सांगणारी? मला वाटलं, माझीच भाषा कच्ची.

बाईंनी टीव्ही बंद केला. उठून खिडकीशी गेल्या. तिकडे पुलावरून गाडी गेली, काचा थरथरल्या.

"बर्फच पडत नव्हता त्या वर्षी," त्या म्हणाल्या. "मीठ आणि डांबरगोळ्यांचा चुरा पसरला होता सगळ्या फलाटावर. पंख्यानं उडवायचे. सकाळपासून उभी होते मी, डोळे चुरचुरत होते, घसा जळत होता. आणि तो गाडीतून विचारतो, थांबशील? मला आई दिसली. तू बघितलं नाहीस माझ्या आईला. आयुष्यभर दाराला कडी घातली नाही तिनं, बाबा येतील म्हणून. गावात तिचं केवढं कौतुक! सभेत उभी करायचे, बघा, ही थांबलीय. तिला कुणी विचारलं नाही की बाई, दमलीस का? आणि तिनंही सांगितलं नाही. माझ्या तोंडून गेलं, 'या उस्ताला'."

या उस्ताला म्हणजे मी दमले.

"मग?"

"मग काय! कच्ची फिल्म मोजून मिळायची, पुन्हा घ्यायला नव्हतीच. दिग्दर्शक म्हणाला, चेहरा सोन्यासारखा आलाय, राहू दे, शब्दाचं बघू. आवाज भरायच्या खोलीत दुसरीनं कागदावरचं वाक्य म्हटलं. मी भांडायला गेले तर मोठे साहेब म्हणाले, आपली नायिका दमत नसते. मी तेव्हा तरुण होते. मला वाटलं, खरंच असेल. नसेल दमत."

त्यानंतर मला कळलं की त्यांना सगळा सिनेमा बोलायचाच नव्हता. त्यांना ते एक वाक्य हवं होतं, आवाज जायच्या आत. आणि माणसांसमोर, कारण त्याच्या जागी घातलेलं वाक्यही माणसांनीच ऐकलं होतं. आवाज रोज थोडा थोडा कमी होत चालला होता. तालमीला आम्ही मग त्या प्रसंगाच्या आधीच थांबायचो, उगाच खर्च नको म्हणून. मी तुळस आणि ज्येष्ठमधाचा काढा करून न्यायची. बाई नाक धरून प्यायच्या आणि म्हणायच्या, "तू मला मारूनच टाकणार आहेस." आता त्या मला तू म्हणायला लागल्या होत्या.

त्या रविवारी समाजभवनात चपला काढून सगळ्यांना हिरव्या सपाता दिल्या. घडीच्या खुर्च्या, जमलेली बहुतेक मंडळी म्हातारीच. आमच्याकडून मुलगा, सून. नात मैत्रिणीकडे. बाईंनी निळा झगा घातला होता आणि ओठांना लाली. त्या जपानीत दोन वाक्यं बोलल्या, लोक वाकले, दिवे गेले. आम्ही दोघी पडद्याच्या कडेला, मायक्रोफोनपाशी. मी मनगट धरलं. इतकं हलकं होतं ते की मला वाटलं, दाबलं तर मोडेल.

तारवालीनं पहिल्यांदा तोंड उघडलं आणि त्या कोवळ्या चेहऱ्यातून म्हातारीचा घोगरा, फाटका आवाज आला. लोक दचकले, मला कळलं ते. खुर्च्या करकरल्या. बाईंनाही कळलं असणार, असली चुळबुळ त्यांच्या ओळखीची होती. त्या थांबल्या नाहीत. नक्कल केली नाही. सगळे 'ओ' गोल-गोल, ठसठशीत. हळूहळू खुर्च्या शांत झाल्या. मला तर थोड्या वेळानं असं वाटायला लागलं की ही मुलगी आणि ही म्हातारी दोघी मिळून ती गोष्ट सांगतायत, एक आधी बघून आणि एक नंतर आठवून.

पण अर्ध्यातच बाई थकल्या. दोन वाक्यांमध्ये धाप लागायला लागली. मी कोमट पाणी दिलं. एका प्रसंगात आवाज आलाच नाही, नुसती हवा. मागे सूनबाई अर्धवट उठलेली मला दिसली. मी मान हलवून तिला बस म्हटलं. माझ्या डोक्यात एकच, स्टेशनपर्यंत पोहोचू दे.

स्टेशन आलं. तो मिठाचा बर्फ उडायला लागला. गाडी हलली, त्यानं वाकून विचारलं, खाली जपानी अक्षरं आली. मी दाबायला बोट उचललं आणि त्याच्या आधीच बाई बोलल्या.

"या उस्ताला."

नाटकीपणा काही नाही. बाजारातून आल्यावर पिशवी खाली ठेवतो ना आपण, तसं. आणि पडद्यावर ओठ तंतोतंत तसेच हलले. इतक्या वर्षांनी तिच्या तोंडाला तिचा शब्द लागला. त्या खोलीत कुणालाही काही वेगळं घडल्याचं कळलेलं दिसलं नाही. खाली जपानीत 'थांबेन'च लिहिलं होतं.

सिनेमा अजून थोडा बाकी होता. बाईंनी मनगट माझ्या हातातून अलगद सोडवून घेतलं. मला म्हणाल्या, "त्यांना सांग, आवाज लावा."

"राहिलेलं?"

"राहिलेलं तिला बोलू दे. तिचा तर चेहराच कुणी बघितला नाही."

मी आजोबांना खूण केली. त्यांनी बटण दाबलं आणि तो मधाळ आवाज खोलीभर झाला. बाई डोळे मिटून ऐकत बसल्या. एकदा मला म्हणाल्या, "बोलते छान, नाही?"

घरी येताना सून माझ्या शेजारी चालत होती. "आई, त्या स्टेशनच्या सीनमध्ये आजी दुसरंच काहीतरी म्हणाल्या का? खाली 'थांबेन' होतं, पण सूर तसा वाटला नाही."

"त्या म्हणाल्या, मी दमले."

दारात आलो, सुनेनं बूट काढले, वळवून लावले आणि सवयीनं विचारलं, "आई, दमलात का हो?"

"हो गं," मी म्हटलं. "दमले."

ती एक बूट हातात घेऊन तशीच उभी राहिली. मग म्हणाली, "बसा तुम्ही. कुकर मी लावते." वरणात मीठ घालायला ती विसरली. मी गुपचूप खाल्लं.

ऑपरेशन झालं. गाठ गेली आणि आवाजही गेला. बाई घरी आल्या, गळ्याला पट्टी. त्यांना लिहून द्यायचा कंटाळा, आणि मला त्यांची अक्षरं वाचायचा. नुसते ओठ हलवून बोलतात आणि मला कळतं, मी पहिल्यापासून भाषा तशीच शिकलेय. सूप आवडलं नाही तर तेही कळतं.

परवा बाटल्यांचा वार होता. आम्ही दोघी जिन्यानं खाली निघालो, लिफ्ट बंद होती. त्यांची पिशवीही माझ्याच हातात. मला नातीला सोडायची घाई, मी भराभर पुढे गेले. खालच्या वळणावर मागे बघितलं तर बाई कठड्याला धरून वरच उभ्या. माझ्याकडे बघून त्यांनी एक शब्द म्हटला, अर्थात आवाजाशिवाय. ओठ आधी घट्ट मिटले. मग गोल झाले, आणि पुन्हा एकदा गोल. त्यांच्या गावाकडच्यासारखे, तोंडात गरम बटाटा असल्यासारखे.

पोदोझ्दी. थांब.

मी पिशव्या खाली ठेवल्या आणि थांबले.